लिफ्ट खाली जाईपर्यंत

नॉर्वेच्या माणसांनी आमच्यावर सिनेमा काढला, ही गोष्ट मी स्वतःहून कधी कुणाला सांगितली नाही. सांगणारे दुसरे पुष्कळ होते. सिंगापूरच्या आमच्या मंडळाच्या गणपतीत अजूनही एखादी काकू नव्याने आलेल्या मुलीला माझ्याकडे बोट दाखवून म्हणते, "ही त्या सिनेमात होती बरं का." मग ती मुलगी, जी नुकतीच पुण्याहून आलेली असते आणि बुओना व्हिस्टाच्या एखाद्या काचेच्या इमारतीत नोकरी करत असते, डोळे मोठे करून विचारते, "ॲक्टिंग केली होती तुम्ही?" आता या पोरीला काय सांगायचं? सिनेमाच्या सुरुवातीला काळ्या पडद्यावर पांढऱ्या अक्षरांत लिहिलेलं आहे, की यातली सगळी माणसं खरी आहेत आणि ती स्वतःचंच काम करत आहेत. इतकं धडधडीत खोटं मी पुढे जाहिरातींतसुद्धा फारसं वाचलं नाही.

तेव्हा आम्ही बुकित पंजांगला राहायचो. एलआरटीची छोटी रेल्वे अजून यायची होती. बसने कुठेही जायचं म्हटलं तरी वाटेत एक झोप काढून व्हायची. नवव्या मजल्यावर लांबलचक कॉरिडॉर, एका टोकाला लिफ्ट आणि दुसऱ्या टोकाला आमचा फ्लॅट. त्या ब्लॉकमध्ये आमच्या गावची चार घरं होती. गाव दाभोळच्या खाडीकाठचं. नाव मुद्दाम लिहीत नाही, कारण सिनेमात ते इतक्या तऱ्हांनी चुकीचं उच्चारलेलं आहे की आता माझं मलाच ते परकं वाटतं. आमच्याकडची माणसं आधी गलबतांवर गेली, मग आगबोटींवर, मग तेलाच्या जहाजांवर. एक सिंगापूरला आला की त्याने दुसऱ्याला ओढायचं, दुसऱ्याने मेव्हण्याला. बाबा एका नॉर्वेजियन मालकाच्या जहाजांवर सेकंड इंजिनिअर होते. वर्षातले बरेचसे महिने बोटीवर, उरलेले घरात, आणि घरात असताना आई आणि मी, आम्हा दोघींच्या मध्ये कुठे बसायचं ते न कळून सतत पंखा दुरुस्त करत. सुक्या कोलंबीचे सोडे तळल्याचा वास कॉरिडॉरभर जायचा. शेजारच्या लिमआंटी त्याबद्दल तक्रार करायच्या आणि थोड्या वेळाने वाटी घेऊन यायच्या. सकाळी कोकिळा इतक्या कर्कश ओरडायच्या की वर्गातल्या मुली त्यांना शिव्या घालायच्या. कोकिळेचं कौतुक फक्त आमच्या पाठ्यपुस्तकाबाहेरच्या मराठीत, म्हणजे आईच्या बोलण्यात, शिल्लक होतं.

बोटीवर निघणाऱ्या माणसाला निरोप देण्याची आमच्या गावची एक रीत आहे. ती गलबतांच्या काळापासून चालत आलेली. उजव्या तळहातावर दही द्यायचं, ते खाऊन त्याने उंबरा ओलांडायचा आणि मागे फिरायचं नाही. काही विसरलंच आणि परत यावं लागलं, तर पायांतलं काढून बसायचं, पाणी प्यायचं आणि मग नव्याने निघायचं. आणि सगळ्यांत महत्त्वाचं, त्याच्यासमोर बाईने डोळ्यांतून पाणी काढायचं नाही. शीड खाडीच्या टोकाआड जाईपर्यंत बायका म्हणे हसत उभ्या राहायच्या आणि मग तिथेच वाळूत बसून काय ते रडून घ्यायच्या. बुकित पंजांगला ना खाडी, ना टोक. तिथे लिफ्ट होती. लिफ्टचं दार लागून ती घरघरत खाली जाईपर्यंत आई दाराच्या लोखंडी ग्रिलपाशी हसऱ्या चेहऱ्याने उभी असायची. मग आत यायची, दार लावायची आणि बाथरूममध्ये जाऊन नळ सोडायची. नळ बंद व्हायचा तेव्हा तोंड धुतलेलं असायचं. त्याबद्दल आम्ही दोघी कधी बोललो नाही.

मी सोळा वर्षांची, इंग्रजी शाळेत जाणारी. यातल्या एकाही गोष्टीवर माझा विश्वास नव्हता, आजही नाही. पण आईचा होता, आणि तिला त्याचं कारण मिळालेलं होतं. आदल्या खेपेला बाबा लिफ्टपर्यंत गेले आणि चष्मा राहिला म्हणून धावत परत आले. दारातूनच हात लांब करून चष्मा घेतला. आई म्हणाली, "बसा, पाणी घ्या." बाबा म्हणाले, "टॅक्सी उभी आहे," आणि गेले. त्या खेपेला वाफेचा पाइप फुटला आणि बाबांचा उजवा हात कोपरापासून मनगटापर्यंत भाजला. नंतर ते कित्येक महिने घरी होते. त्या हाताची कातडी गुलाबी आणि गुळगुळीत झाली होती, तिच्यावर पुन्हा केस आले नाहीत. आईने पाइपला दोष दिला नाही, कंपनीलाही दिला नाही, चष्म्याला दिला. आता पुन्हा जहाज मिळालं होतं, रॉटरडॅमला जाऊन चढायचं होतं, आणि आईने मनाशी एकच गोष्ट धरली होती. या वेळचं निघणं चोख व्हायला पाहिजे. एकदाच, आणि चोख.

नेमक्या त्याच दिवसांत सबनीसकाका आर्नेला घेऊन आले. सबनीसकाका हे आमच्या मंडळाचे अध्यक्ष, आणि आता ज्याला हार्बरफ्रंट म्हणतात तिथे बाबांच्या कंपनीच्या ऑफिसात खलाशांच्या नेमणुका बघणारे. म्हणजे मंडळात त्यांना हार घालायचा आणि ऑफिसात त्यांच्यासमोर उभं राहायचं, असं सगळ्यांनाच करावं लागे. दोन्हीकडे त्यांचा चेहरा सारखाच असायचा. आर्ने हा सिनेमा काढणारा. उंच, केस पांढरे, आणि सोफा रिकामा असताना आमच्या फरशीवर मांडी घालून बसणारा. आपण नम्र आहोत हे समोरच्याला कळल्याशिवाय काही माणसांना चैन पडत नाही. त्याने याआधी नॉर्वेच्या किनाऱ्यावरच्या एका कोळ्यांच्या गावात सिनेमा केला होता. नट नाहीत, गावकऱ्यांनीच स्वतःचं काम केलेलं. आता त्याला त्याच गावाच्या जहाजांवर राबणाऱ्या माणसांचं दुसरं गाव पाहिजे होतं, आणि ते त्याला बुकित पंजांगच्या नवव्या मजल्यावर सापडलं होतं. "तिथली माणसं शेवटी कॅमेरा विसरून गेली," असं तो भारावून सांगत होता. कॅमेरा विसरलेला माणूस मी आजवर पाहिलेला नाही. विसरल्याचं सोंग करणारे मात्र पोत्याने पाहिले.

"वहिनी, तुम्हाला काहीही करायचं नाही," सबनीसकाका आईला म्हणाले. "जशा आहात तशाच राहायचं."

"मग ते बघायला हा एवढ्या लांबून कशाला आलाय?" आई म्हणाली.

सबनीसकाका हसले आणि बाबांकडे वळून हळूच म्हणाले, "मालकांचा पैसा आहे हो सिनेमात. नाही म्हणू नका." बाबा नाही म्हणणार नव्हतेच. जहाजावर खलाशांवर खेकसणारे बाबा गोरा माणूस घरात आला की आवाज मऊ करून बोलायचे आणि त्याने न विचारलेल्या प्रश्नांचीही उत्तरं द्यायचे. मला त्याची चीड यायची. अजूनही, एवढं वय होऊन, त्यांचं ते "येस, येस, नो प्रॉब्लेम" आठवलं की माझे दात शिवशिवतात.

जसे आहात तसे राहा, असं म्हणून पहिल्याच दिवशी त्यांनी आमचा टीव्ही उचलून शीलाकाकूंच्या घरी नेऊन ठेवला. मग सोफा गेला. मग मिक्सर, फ्रिजवरची चुंबकं आणि बाबांनी जपानहून आणलेलं घड्याळ. सेरंगून रोडवरून एक तमिळ पद्धतीची उंच समई आणि चार चटया आल्या. आईच्या रोजच्या गाऊनऐवजी साडी आली. हिरवी, कारण निळी आर्नेच्या भिंतीला शोभत नव्हती. भिंत आमची, पण शोभा त्याची. कुकरच्या शिट्ट्या आर्नेच्या आवाज रेकॉर्ड करणाऱ्या बाईला चालेनात, म्हणून आमचा भात पातेल्यात शिजायला लागला आणि गिचका व्हायला लागला. मला त्याने विचारलं, "तुझ्याकडे जास्त तुझ्यासारखं वाटेल असं काही कपड्यांत आहे का?" मी शाळेचा गणवेश घालून आले. तो त्याला आवडला नाही, आणि त्या सिनेमात माझा फक्त डावा खांदा आणि अर्धी वेणी आली. त्याबद्दल मी त्याची आभारी आहे. मला त्याने दुभाषी म्हणून ठेवलं, तेही सबनीसकाका ऑफिसात असत तेवढ्याच वेळापुरतं.

शीलाकाकूंबद्दल लिहायला पाहिजे. त्या आमच्याच मजल्यावर, लिफ्टशेजारी राहायच्या. त्यांचे यजमान त्याच कंपनीत थर्ड ऑफिसर होते आणि तेव्हा कुठेतरी ब्राझीलच्या बाजूला होते. कॅमेरा आल्यापासून काकूंच्या केसांत रोज गजरा असायचा. सिंगापूरमध्ये रोज गजरा म्हणजे त्यासाठी सेरंगून रोडपर्यंत बस करून जाण्याची तयारी. त्यांना आर्नेने नवऱ्याबद्दल बोला म्हटलं की त्या पदर डोळ्यांना लावायच्या आणि पंपाचं बटण दाबल्यासारख्या रडायला लागायच्या. "थांबा" म्हटलं की थांबायच्या, गजरा सारखा करायच्या आणि "पुन्हा करू का?" विचारायच्या. नवरा घरी असताना त्यांच्यात रोज भांडी आपटायची, हे लिमआंटींपासून सगळ्यांना ठाऊक होतं. पण आर्ने हेलावला. त्याने आईलाही नवऱ्याबद्दल विचारलं. आई कुळथाची पिठी ढवळत होती.

"तो विचारतोय, बाबा जातात तेव्हा तुला काय वाटतं," मी म्हटलं.

"वाईट वाटतं."

"आणि?"

"आणि काय? वाटतं वाईट. त्याला काय करायचंय?"

मी आर्नेला सांगितलं, ती म्हणते वाईट वाटतं. त्याने बराच वेळ वाट पाहिली. आईने गॅस बंद केला आणि त्याला बशीत पिठी वाढली. तो ती खाऊन "इंटरेस्टिंग" म्हणाला. हा शब्द मी पुढे आयुष्यभर ऐकत आले आहे, आणि तो म्हणणाऱ्या माणसाने दुसऱ्यांदा वाढून घेतलेलं मी अजून पाहिलेलं नाही.

निरोपाचा प्रसंग त्याला पाहिजे होताच. आईने तो दिला, पण आपल्या अटींवर. अटी त्याला सांगितल्या नाहीत, मलाही नंतर कळल्या. दह्याऐवजी तिने वाटीत नारळाचं घट्ट दूध घेतलं. ते तिने बाबांच्या डाव्या हातावर घातलं. बाबांच्या पायांत बूट नव्हते, चपला होत्या, आणि बॅग रिकामी होती. असल्या निघण्याला निघणं म्हणत नाहीत, म्हणून त्याचं शुभही नाही आणि अशुभही नाही. बाबा नारळाचं दूध चाटून बाहेर जायचे, लिफ्टपाशी जाऊन उभे राहायचे आणि हाक मारली की परत यायचे. दुपारपर्यंत बाबांच्या पोटात इतकं नारळाचं दूध गेलं की त्यांना आडवं व्हावं लागलं. आई प्रत्येक वेळी ग्रिलपाशी हसत उभी. आर्ने कॅमेऱ्यामागून तिच्या चेहऱ्याकडे बघत होता आणि त्याला जे पाहिजे होतं ते तिथे येत नव्हतं.

"ती हसते का आहे?" त्याने शेवटी मला विचारलं. "तिला सांग, दाबून ठेवू नकोस. मोकळी हो. स्वतःसारखी वाग."

मी आईला सांगितलं. आई म्हणाली, "त्याला म्हणावं, मी स्वतःसारखीच वागतेय. तूही वाग आणि घरी जा." यातला पहिला अर्धा भाग मी त्याला सांगितला.

त्या संध्याकाळी आर्नेने ठरवलं की खोटा निरोप उपयोगाचा नाही, खराच पाहिजे. सबनीसकाका ऑफिसातून आल्यावर त्यांनी ते आईच्या कानावर घातलं. आई तोपर्यंत सगळ्याला मान डोलावत आली होती. या वेळी ती स्वयंपाकघरातून हात पुसत बाहेर आली आणि आर्नेच्या समोर उभी राहून, माझ्या मदतीशिवाय, इंग्रजीत म्हणाली, "दॅट डे, नो. दॅट डे ओन्ली मायसेल्फ." बाबांनी खाली बघितलं. सबनीसकाकांनी घसा खाकरला. आर्नेने छातीवर हात ठेवला, मान झुकवली आणि शब्द दिला. सोफा परत आला, टीव्ही परत आला. मला वाटलं, पीडा टळली.

गुरुवारी बाबा निघाले. आईने दोन दिवस आधीपासून विरजण लावून बघितलं होतं, कारण सिंगापूरच्या हवेत दही कधी आंबट होतं तर कधी लागतच नाही. त्या दिवशी ते सुरीने कापावं इतकं छान लागलं होतं. बाबा मऊ भात, मेतकूट आणि तूप खाऊन उठले. बॅगेत बेसनाचे लाडू, सोड्यांची चटणी आणि कुळथाचं पीठ. चष्मा आईने स्वतः त्यांच्या खिशात घातला आणि वरून हाताने दाबून बघितला. देवाला नमस्कार झाला. उजव्या हातावर दही पडलं. त्या गुलाबी कातडीवर एक थेंब ओघळला, तो बाबांनी चाटला. मी पाया पडले. बाबा उंबऱ्याबाहेर गेले, मागे वळले नाहीत, कॉरिडॉरच्या टोकाला जाऊन लिफ्टमध्ये शिरले. आई, मुद्दाम साडी नेसलेली, हसत उभी होती. लिफ्ट घरघरत खाली गेली. निघणं चोख झालं होतं. मी आजवर पाहिलेलं ते सगळ्यांत चोख निघणं.

पुढचं मी जसं सिनेमात आहे तसं आधी सांगते, कारण जगाने तेवढंच पाहिलेलं आहे. रिकामा कॉरिडॉर. बांबूंवर वाळत घातलेले कपडे. लिफ्टचं दार उघडतं आणि एक माणूस बॅग घेऊन बाहेर येतो. आर्ने खाली, ब्लॉकच्या तळातल्या मोकळ्या जागेत, कॅमेरा लावून थांबला होता. त्याने छातीवरचा हात काढून घेतला होता. त्याने बाबांना सांगितलं की खालचा उजेड बरोबर नव्हता, वर जाऊन फक्त एकदा दारातून निघा. आणि बाबा हो म्हणाले. वेळ त्याला बाबांनीच सांगितली होती, हे नंतर कळलं. तर बाबा कॉरिडॉरमधून चालत येतात, मागून कॅमेरा. दाराची बेल वाजवतात. दार उघडत नाही. पुन्हा वाजवतात.

"अगं, उघड. एकदाच. उजेड नव्हता म्हणतात."

आतून काही नाही. शेजारचं ग्रिल उघडून लिमआंटी बाहेर बघतात. "वाइफ इनसाइड वन," त्या बाबांना सांगतात. "नॉक हार्डर, लाह."

बाबा दार ठोकतात. "बसतो मी. पाणी पितो. बूट काढतो. सगळं नीट करतो, मग जातो. उघड ना."

मग आतून आईचा आवाज येतो. शांत, खणखणीत, बाजारात भाव सांगावा तसा. "आमच्याकडचा माणूस मघाशीच बोटीवर गेला. आता घरात कोणी यायचं नाही."

बाबा उभे राहतात. भाजलेला हात ग्रिलवर ठेवतात. कॅमेरा जवळ येतो. बाबांचे डोळे भरून येतात आणि बाबा ते पुसत नाहीत, कारण एका हातात बॅग आहे आणि दुसरा ग्रिलवर. मग ते वळतात आणि लिफ्टकडे जातात. आर्नेला बाईचं रडणं पाहिजे होतं, त्याला बाबांचं मिळालं. त्याने तेही वापरलं. व्यापारी माणूस हाती आलेला माल सोडत नाही.

बाबा त्या खेपेहून धडधाकट परत आले. त्यानंतर काही दिवसांनी कॅसेट आली. शीलाकाकूंकडे सगळे जमले, चिवडा आणि लाडू झाले होते, सबनीसकाकांनी उभं राहून दोन शब्द सांगितले. सिनेमाला तिकडे कुठलंसं बक्षीस मिळालं होतं. शीलाकाकूंचं रडणं सगळं कापलेलं होतं, त्यांचा फक्त गजरा पाठमोरा दिसला आणि त्या उठून चहा टाकायला गेल्या, त्या बऱ्याच वेळाने आल्या. ते मला आवडलं, कशाला लपवू. मग दाराचा प्रसंग आला. एका खर्जातल्या आवाजाने इंग्रजीत समजावलं की या प्राचीन दर्यावर्दी गावातल्या बायका नवऱ्याला समुद्राने नेऊ नये म्हणून दाराला कडी घालतात. नेऊ नये म्हणून कडी? बाहेर असलेल्या नवऱ्याला? हे कुणाच्या लक्षात आलं नाही. आणि आई बोलली तेव्हा खाली इंग्रजी अक्षरं उमटली, की जाऊ नकोस, मला सोडून जाऊ नकोस. ते भाषांतर सबनीसकाकांचं होतं. खोलीतल्या प्रत्येकाला मराठी येत होती. प्रत्येकाने आईचं वाक्य कानाने ऐकलं आणि खालचं डोळ्यांनी वाचलं, आणि कुणी चकार शब्द काढला नाही. उलट एकदोघींनी डोळे टिपले. "वहिनी, काय आवाज लावलाय," असं कुणीतरी म्हणालं. माझ्या गावच्या माणसांबद्दल माझं मत त्या संध्याकाळी जे झालं, त्यात पुढे फारसा फरक करावा लागला नाही.

सबनीसकाकांनी आईला विचारलं, "काय वहिनी, कसा वाटला?"

"दाराचा रंग चांगला आलाय," आई म्हणाली.

घरी आल्यावर बाबा पंख्याखाली उभे राहिले. पंखा चालू होता, दुरुस्त करायला काही नव्हतं. ते म्हणाले, "मी म्हटलं होतं ना, बसतो, पाणी पितो. रीतीला धरूनच होतं ते. मग उघडलं का नाहीस?"

"दूध होतं गॅसवर," आईने सांगितलं. "उतू गेलं असतं."

बाबांनी ते मान्य केलं. बाबा गोऱ्या माणसाचं जसं मान्य करायचे तसं, पण आईचं मान्य करताना त्यांचा चेहरा वेगळा असायचा, हे मी त्यांच्या बाजूने लिहून ठेवते.

आई जाऊन बरीच वर्षं झाली. बाबा माझ्याकडे असतात. पंच्याहत्तरी केव्हाच ओलांडली. डोळ्यांच्या मधोमध काळा डाग आला आहे, अक्षर लागत नाही, पण हलणारं चित्र टीव्हीच्या अगदी जवळ बसलं की दिसतं. तो सिनेमा आता इंटरनेटवर कुठेही मिळतो आणि माझा मुलगा त्यांना लावून देतो. दाराचा प्रसंग आला की बाबा ताठ बसतात. "ऐक तुझ्या आजीचा आवाज," ते त्याला सांगतात. "एक टिपूस काढलं नाही तिने. नवरा दारात रडतोय आणि ही आत दगडासारखी. अशी बाई पाहिजे बोटीवरच्या माणसाला." मुलगा म्हणतो, "सो फिअर्स, लाह, आजी." बाबा खूश होतात. मी भाजी निवडत असते, ती निवडत राहते.

दाराच्या आतल्या बाजूला मी होते. लिफ्ट खाली गेल्यावर आईने नेहमीप्रमाणे दार लावलं, पण ती बाथरूमपर्यंत पोचली नाही. या खेपेला सगळं नीट झालं होतं, म्हणूनच बहुधा. ती चपलांच्या कपाटापाशी खाली बसली, दह्याचा वाडगा मांडीवर, आणि रडायला लागली. माणूस गेला होता, शीड टोकाआड गेलं होतं, आता तिला मुभा होती. मी आईला तसं रडताना त्याआधी पाहिलं नव्हतं. तेवढ्यात बेल वाजली. तिने पदराचा बोळा तोंडात कोंबला. बाबांचा आवाज आला आणि मी तिच्याजवळ बसून कुजबुजले, "उघड ना. पाणी दे, बसू दे. चालतं ना तसं?" तिने नुसती नकाराची मान हलवली आणि बोटाने स्वतःचा चेहरा दाखवला. डोळे सुजलेले, नाक लाल, कुंकू कपाळभर पसरलेलं. हा चेहरा घेऊन निघणाऱ्या माणसाला दार उघडायचं नसतं. त्याला पाणी पाजून रीत सांभाळता आली असती, या चेहऱ्यावर इलाज नव्हता. दोनदा दार ठोकल्यावर तिने वाडग्यातलं उरलेलं दही बोटांनी गोळा करून गिळलं, घसा मोकळा केला, उभी राहिली आणि ते वाक्य म्हणाली. मग पुन्हा खाली बसली, पदर पुन्हा तोंडात, लिफ्ट पुन्हा घरघरत जाईपर्यंत. नॉर्वेहून जे टिपायला ती माणसं एवढं सामान घेऊन आली होती, ते त्यांच्यापासून एका लाकडी फळीपलीकडे होतं.

बाबांना आता वाचता येत नाही, आणि नॉर्वेच्या त्या माणसांना मराठी येत नाही. म्हणून लिहिलं.